बातमी बदला, पण खाली शुद्धिपत्रक जोडा

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत गोष्टी लिहिणाऱ्या यंत्रांवर जो लेख आला तो मी दोनदा वाचला. लेख चांगला आहे, पण शेवटी त्यात म्हटलंय की हे सगळं एकदम नवीन आहे, माणसानं असं काही कधी कल्पिलंही नव्हतं, आणि तिथं मला राहवलं नाही. कारण कल्पिलं होतं, चांगलं तीनशे वर्षांपूर्वी कल्पिलं होतं, आणि ज्यांनी ज्यांनी कल्पिलं त्यांनी असलं यंत्र गोष्टींचं काय करतं, माणसांचं काय करतं हेही लिहून ठेवलंय. मी लेखक नाही की प्राध्यापक नाही, मी कंपोझिटर होतो, छापायची अक्षरं जुळवणारा. १९७३ ला सतराव्या वर्षी कोल्हापुरात एका छोट्या छापखान्यात लागलो, अठरा वर्षं शिशाचे खिळे जुळवले, मग ऑफसेट आलं, खिळे किलोवर भंगारात गेले आणि मी डीटीपी, म्हणजे कॉम्प्युटरवर पानं लावायचं काम, शिकून रिटायर होईपर्यंत तेच केलं. म्हणजे जन्मभर मी दुसऱ्यांच्या गोष्टी जोडल्या आणि मोडल्या. त्यामुळं या विषयावर चार शब्द बोलायचा मला हक्क आहे असं मी धरून चालतो. पत्र लांबणार आहे, त्याबद्दल आधीच माफी.

लहानपणी आम्ही गलिव्हरची गोष्ट वाचली ती बुटक्यांच्या देशाची, फार तर पुढची राक्षसांची. मुलांसाठीच्या पुस्तकांत बहुतेक वेळा तेवढंच असतं, तिसरा भाग गाळलेला असतो. तो मी साठी उलटल्यावर वाचला. जोनाथन स्विफ्टचं हे पुस्तक १७२६ साली लंडनला निघालं, इकडं तेव्हा थोरल्या बाजीरावांची पेशवाई चालू होती. त्या तिसऱ्या भागात गलिव्हर लगाडो नावाच्या शहरात जातो, तिथं विद्वानांची अकादमी असते आणि त्यातल्या एका प्राध्यापकानं एक यंत्र केलेलं असतं. वीस फूट बाय वीस फुटांची चौकट, खोलीच्या मधोमध. तिच्यात फाशांएवढाले लाकडी ठोकळे बारीक तारांनी ओवलेले, ठोकळ्यांवर कागद चिकटवलेले आणि त्या कागदांवर त्या देशाच्या भाषेतले झाडून सगळे शब्द, सगळ्या काळांतले, सगळ्या विभक्त्यांतले, पण कसलाही क्रम नाही. कडेनं चाळीस लोखंडी मुठी. चाळीस विद्यार्थी एकेक मूठ धरून एकदम फिरवणार की सगळ्या शब्दांच्या जागा बदलणार. मग छत्तीस पोरांनी हळू आवाजात ओळी वाचत जायचं, कुठं तीन-चार शब्द असे शेजारी आले की वाक्याचा तुकडा वाटावा, की ते उरलेल्या चौघांना सांगायचं आणि त्या चौघांनी लिहून घ्यायचं. दिवसाला सहा तास हेच काम. प्राध्यापक गलिव्हरला असल्या तुटक वाक्यांचे जाडजूड खंड दाखवतो आणि म्हणतो, हे तुकडे जोडून सगळ्या शास्त्रांचं ज्ञान जगाला देणार, फक्त लोकांनी वर्गणी काढून अशा पाचशे चौकटी उभ्या कराव्यात. आणि त्याचा दावा असा की अगदी अडाणी माणसालाही, अंगात प्रतिभा नसताना, काही अभ्यास न करता, थोड्या पैशात नि थोड्या श्रमात कविता, तत्त्वज्ञान, राजकारण, कायदा, गणित, धर्म, कशावरही पुस्तक लिहिता येईल.

हे वाचताना माझ्या अंगावर काटा आला, कारण ती चौकट मला ओळखीची होती. आमची खिळ्यांची केस तशीच असायची. ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगतो, केस म्हणजे लाकडी पेटी, उथळ, आत खणच खण, एकेका खणात एकेका अक्षराचे शिशाचे खिळे. पूर्ण अक्षरं वेगळी, अर्धी वेगळी, जोडाक्षरं वेगळी, काना वेगळा, मात्रा-वेलांट्या वेगळ्या. कान्याचा खण मोठा आणि हाताजवळ, कारण मराठीत काना सारखा लागतो, आणि 'ङ' चा खण कुठंतरी कोपऱ्यात, त्यात पाच-सहा खिळे पडलेले. हे प्रमाण कुणीतरी आधी मोजलेलं असायचं म्हणूनच हात न बघता खणात जायचा. स्विफ्टच्या त्या प्राध्यापकानंही तेच केलंय बघा, पुस्तकांत नामं किती, क्रियापदं किती, अव्ययं किती येतात याचं प्रमाण त्यानं काटेकोर काढलं होतं असं तो सांगतो. आणि आजची ही एआयची यंत्रंसुद्धा मुळात मोजणीवरच चालतात, कोट्यवधी पानं वाचायला घालून, तुकडे करून, कुठल्या तुकड्यापुढं कुठला तुकडा येण्याची शक्यता जास्त आहे ते शिकलेली असतात. चाळीस पोरांच्या जागी आता वीज आहे, बाकी मुठी फिरतातच आहेत.

पण मला मोडणं वाईट आहे असं म्हणायचं नाही, हे आधीच स्पष्ट करतो. आम्ही रोज मोडायचो. दिवाळी अंकाचं काम ऑगस्टपासून सुरू व्हायचं आणि छोट्या छापखान्यात पूर्ण अंक एकदम उभा करायला खिळे पुरायचेच नाहीत. मग काय करायचं, आठ पानं जुळवायची, प्रूफ काढायचं, दुरुस्त्या करायच्या, ट्रेडलवर, म्हणजे पायानं चालवायच्या छपाई यंत्रावर, छापायची आणि छापून झाली की ती पानं रॉकेलनं पुसून, खिळ्यांभोवती बांधलेली दोरी सोडून, एकेक खिळा परत आपापल्या खणात टाकायचा आणि त्याच खिळ्यांनी पुढची आठ पानं जुळवायची. म्हणजे कथेची सुरुवात ज्या शिशाची, शेवटही त्याच शिशाचा. पहिल्या पानावर जो 'क' कमलच्या नावात होता तोच चौदाव्या पानावर काळोखात. मला त्या वयात याचं फार अप्रूप वाटायचं, बाकीचे जेवायला गेले तरी मी खण भरत बसायचो, आणि मग मालक ओरडायचे की हात घासून धू आधी, शिसं पोटात जातं. तर मोडणं असं होतं. गोष्ट मोडायची, पण ती कागदावर उरलेली असायची. कागद छापल्याशिवाय कुणी दोरी सोडायचं नाही, हा धंद्याचा पहिला नियम.

एकदा माझ्याकडून एक पान छापायच्या आधीच मोडलं. साल १९७८, गणपतीच्या आधीचे दिवस, गॅली, म्हणजे जुळवलेले खिळे ठेवायचा पत्र्याचा ट्रे, उचलून पान बांधायच्या दगडावर नेताना पायात पोतं अडकलं आणि बांधलेलं सगळं मॅटर फरशीवर. तो आवाज अजून कानात आहे, पत्र्यावर पाऊस पडावा तसा. साडेतीनशे-चारशे शब्दांचं पान, हजारो खिळे, सगळे आडवेतिडवे. मी रडकुंडीला आलो. आमचे हेडकंपोझिटर अण्णा म्हणून होते, ते ओरडले नाहीत, खाली वाकून बघितलं आणि एवढंच विचारलं, "हस्तलिखित कुठाय?" ते खुंटीला टोचलेलं होतं, लेखिकेच्या हातचं, निळ्या शाईचं, रेघी कागदावर. अण्णा म्हणाले, "मग काय झालं? कर परत." रात्री दीडपर्यंत बसून केलं परत. पण समजा ते हस्तलिखित नसतं आणि फरशीवर नुसता ढीग असता, तर? त्या ढिगातनं मी वाक्यं तर नक्की जुळवली असती, मराठी वाक्यं, व्याकरणात बसणारी, वाचायला गोड. फक्त ती त्या बाईंची गोष्ट नसती. आणि छापल्यावर ती कुणाला ओळखूही आली नसती.

आता ज्याच्यामुळं मी खरा हललो ते सांगतो. माझी नात पुण्यात अकरावीला आहे, सीबीएसईला. तिच्या इंग्रजीच्या पुस्तकात जयंत नारळीकरांचा धडा आहे, 'द ॲडव्हेंचर'. मूळ मराठीतली 'गंगाधरपंतांचे पानिपत'. सुट्टीत आली होती तेव्हा तिनं मोबाईलवर एका ॲपकडून त्या धड्याची समरी करून घेतली, दहा ओळी, आणि मला वाचून दाखवली. छान इंग्रजी, एकही चूक नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत, ट्रकचा अपघात, दुसऱ्याच जगात जाणं, तिथं पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली, आणि शेवटी शुद्धीवर येऊन हे सगळं स्वप्न होतं असं त्यांच्या लक्षात येणं. मी म्हटलं, बाळ, पानाचं काय? ती म्हणाली, कुठलं पान आजोबा?

ज्यांनी वाचलीय त्यांना माहितीये, ज्यांनी नाही त्यांनी जरूर वाचा, पण मुद्दा कळायला थोडं सांगावं लागेल. गंगाधरपंत त्या दुसऱ्या जगातल्या मुंबईत टाऊन हॉलच्या एशियाटिक लायब्ररीत जातात, इतिहासाची पुस्तकं चाळतात, आणि भाऊसाहेबांच्या बखरीत त्यांना ती जागा सापडते जिथून सगळं वेगळं झालं. आपल्या बखरीत विश्वासरावांना गोळी लागते. त्या बखरीत गोळी कानाजवळून निघून जाते, तिळाएवढा फरक पडला असता तरी मृत्यू होता असं तिथं लिहिलेलं असतं. ती छोटी बखर नकळत त्यांच्या खिशात जाते. पुढं आझाद मैदानावर सभेत गोंधळ होतो, लोक त्यांना मारायला धावतात, त्या झटापटीत बखर हरवते आणि हातात उरतं एक फाटलेलं पान. आपल्या जगात परतल्यावर राजेंद्र देशपांडे, तो शास्त्रज्ञ मित्र, आधी हे सगळं त्यांच्या मनाचे खेळ समजतो, म्हणतो कॅटॅस्ट्रोफी थिअरीचा, म्हणजे छोट्या फरकानं एकदम सगळं कसं पालटतं या सिद्धांताचा, विचार करत होता म्हणून असं दिसलं. तेव्हा गंगाधरपंत ते पान पुढं करतात. छापील पान. आणि शास्त्रज्ञाचा चेहरा बदलतो. अख्खी कथा त्या एका चिटोऱ्यावर उभी आहे. ते पान आहे म्हणून ते स्वप्न नाही. आणि यंत्रानं गोष्ट सोडवून परत बांधताना नेमकं तेच पान टाकून दिलं, कारण अपघात झाला, माणूस बेशुद्ध पडला, विचित्र काही बघितलं, जागा झाला, याच्यापुढं जगातल्या लाखो गोष्टींत "ते स्वप्न होतं" असंच येतं. शक्यता जास्त त्याची. नारळीकरांनी जे लिहिलं त्याची शक्यता कमी होती, म्हणूनच तर त्यांनी ते लिहिलं ना.

नातीनं तेच उत्तर वहीत लिहिलं होतं. तिची चूक म्हणत नाही मी, तिला धडा पूर्ण वाचायला बसवला, रात्री आम्ही दोघांनी मिळून वाचला आणि पानाची जागा आली तेव्हा ती स्वतःच "अगंबाई" म्हणाली. पण मला रात्रभर झोप नाही. वर्गातल्या आणखी किती पोरांच्या वहीत ते स्वप्न असेल? आणि ती वही बघून पुढच्या वर्षीची पोरं लिहिणार, ते कुठंतरी इंटरनेटवर चढणार, यंत्र ते परत वाचणार. असं चार-पाच वर्षं झालं की गंगाधरपंतांनी खरंच स्वप्न बघितलं होतं असं होऊन जाईल. गोष्ट अशी बदलते, कुणी जाळत नाही, कुणी बंदी घालत नाही.

एक गोष्ट मात्र मनापासून चांगली वाटली. नातीच्या त्या एनसीईआरटीच्या पुस्तकात धड्याला टीप आहे की ही रूपांतरित आवृत्ती आहे, मूळ मजकूर आमच्या वेबसाईटवर बघता येईल. एवढी एक ओळ. ज्यांनी कापलं त्यांनी सांगितलं की आम्ही कापलंय, आणि पूर्ण कुठं मिळेल तेही सांगितलं. प्रामाणिकपणा याच्यापेक्षा वेगळा काय असतो.

(नारळीकरांचं अजून एक सांगायचा मोह आवरत नाही. जन्म त्यांचा आमच्या कोल्हापूरचा, १९३८ चा. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा पाठवली ती नारायण विनायक जगताप या नावानं, आपल्या नावामुळं परीक्षकांवर दडपण नको म्हणून. जयंत विष्णू नारळीकर, ज वि ना, ते उलटं केलं की ना वि ज. आम्ही कंपोझिटर अक्षरं जन्मभर उलटीच वाचतो, शिशावर सगळं आरशातल्यासारखं असतं, त्यामुळं मला हे कळलं तेव्हा फार आपलेपणा वाटला. २०२५ च्या मे महिन्यात ते गेले तेव्हा तुमच्या पेपरातलं कात्रण मी वहीत चिकटवून ठेवलंय.)

आता बातमीकडं येतो, कारण पत्र संपादकांना आहे.

आमच्या मूळ गावाकडं ओढ्यावरच्या पुलाचं काम दोन पावसाळे अर्धवट राहिलंय. शाळेची पोरं पाण्यातनं जातात. तर एका न्यूज पोर्टलवर, नाव घेत नाही, सकाळी बातमी आली की पूल जूनपर्यंत पूर्ण होणार. मी ती मोबाईलवर पारावर सगळ्यांना मोठ्यानं वाचून दाखवली, कारण तिथं निम्म्या लोकांना बारीक अक्षर दिसत नाही. संध्याकाळी एकानं परत उघडली तर तिथं डिसेंबर. तीच बातमी, तेच हेडिंग, तोच फोटो, वर तीच सकाळची वेळ, आणि जूनचं नावनिशाण नाही. लोक माझ्याकडं बघायला लागले. एकजण म्हणाला, काका, डोळे तपासून घ्या. मी अठरा वर्षं शिशावरची उलटी अक्षरं वाचलीत, प्रूफात अनुस्वार पडला तरी मला दिसायचा, आणि त्या दिवशी मला स्वतःलाच वाटायला लागलं की खरंच मी चुकीचं वाचलं असेन. घरी येऊन जेवण गेलं नाही. दोन दिवसांनी कळलं की गावच्या ग्रुपवर एका पोरानं सकाळीच स्क्रीनशॉट टाकला होता. त्यात जून होता. तो स्क्रीनशॉट बघून मला जे वाटलं ते शब्दांत सांगता येत नाही, हायसं वाटलं आणि भीतीही वाटली, कारण त्या पोरानं तो सहज टाकला होता, टाकला नसता तर मी गावात खोटा ठरलो असतो.

मुदत बदलू शकते हो. अधिकाऱ्यानं फोन करून सांगितलं असेल, वार्ताहरानं आधी चुकीचं ऐकलं असेल, सगळं शक्य आहे. माझं म्हणणं बदलण्याबद्दल नाहीच. माझं म्हणणं असं की दुपारी बदललं तर खाली लिहा, सकाळी जून लिहिलं होतं, आता डिसेंबर केलंय.

जॉर्ज ऑर्वेलचं '१९८४' १९४९ साली आलं, या माणसाचा जन्म आपल्याकडचाच, बिहारमधल्या मोतिहारीचा, १९०३ चा. त्यातल्या विन्स्टन स्मिथची नोकरीच ही असते, सत्य मंत्रालयात बसून 'टाइम्स'चे जुने अंक बदलायचे. सरकारनं आधी जे म्हटलं ते खोटं पडलं की जुन्या अंकातला मजकूर बदलायचा, अंक नव्यानं छापायचा, आधीचे सगळे अंक गोळा करून नष्ट करायचे आणि फाईलला नवा लावायचा. मूळ चिठ्ठी भिंतीतल्या भोकात टाकायची, ती वाऱ्यानं ओढली जाऊन खाली भट्टीत. त्या भोकाला नाव स्मृतीचं आणि काम विसरायचं. चॉकलेटचं रेशन तीस ग्रॅमवरून वीसवर आणतात आणि दुसऱ्या दिवशी रेडिओसारख्या पडद्यावर सांगतात की रेशन वाढवून वीस केलं म्हणून लोकांनी आभाराचे मोर्चे काढले, आणि लोक ते गिळतात, चोवीस तासांत. आणि त्याच मंत्रालयात एक खातं कादंबऱ्यांचं, तिथं कादंबऱ्या लिहिणारी यंत्रं, ज्युलिया हातात पाना घेऊन ती दुरुस्त करते. गाणीसुद्धा यंत्रच रचतं. म्हणजे गोष्टी बनवणारं यंत्र आणि बातम्या बदलणारं भोक, दोन्ही त्यानं एकाच इमारतीत ठेवली, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. तुमच्या लेखात फक्त पहिल्याचा विचार आहे, यंत्र कविता करेल का, लेखकांची कामं जातील का. ते आहेच, आमचीही गेली. पण दुसरी खोली शेजारीच आहे.

आणि त्या कादंबरीतही एक चिटोरा आहे. विन्स्टनच्या टेबलावर चुकून 'टाइम्स'चं दहा-एक वर्षं जुनं, फाडलेलं अर्धं पान येतं, त्यात तीन माणसांचा फोटो, आणि त्या फोटोवरून सिद्ध होतं की ते तिघं ज्या दिवशी शत्रूच्या देशात होतो असं कबूल करून बसले त्या दिवशी ते न्यूयॉर्कला होते. कबुली खोटी. तो ते पान कागदाखाली झाकून दहा मिनिटं बसून राहतो आणि मग भीतीनं भोकात टाकतो. मी ते वाचताना पुस्तक मिटून बाहेर येऊन बसलो होतो. गंगाधरपंतांनी पान जपलं म्हणून त्यांचं जग खरं राहिलं, विन्स्टननं टाकलं आणि पुढं त्याला दोन आणि दोन किती तेही खात्रीनं सांगता येईना. एक लेखक इंग्रज, एक आपला, मधे काही दशकांचं अंतर, आणि दोघांच्या मनात शेवटी फाटका छापील कागदच आला.

ऑर्वेलच्या मंत्रालयाला सगळे अंक गोळा करायला लागायचे. आपल्याकडं ते कुणाच्या बापाला जमलं नसतं. पेपर रद्दीत जातो, किराणावाल्याच्या पुड्यांत जातो, भेळेखाली जातो, फळीवर डब्यांखाली अंथरला जातो, ट्रंकेच्या तळाला बसतो. माझ्या आईच्या ट्रंकेत तळाला १९६७ चा पेपर होता, कोयनेच्या भूकंपाचा, डिसेंबरमधला. आम्ही ती ट्रंक उघडली तेव्हा कागद पिवळा पडून चुरा होत होता पण अक्षर न् अक्षर वाचता आलं. कुणी तो जपावा म्हणून ठेवला नव्हता, साड्यांना गंज लागू नये म्हणून अंथरला होता. छापील पेपरची ही ताकद होती, तो सगळीकडं सांडायचा. मोबाईलवरची बातमी एकाच जागी असते आणि ती जागा दुसऱ्याच्या हातात असते. भट्टी पेटवायची गरजच उरली नाही.

म्हणून मागणी साधी आहे आणि ती आमच्याच धंद्यातली आहे. पूर्वी पुस्तकाच्या शेवटी शुद्धिपत्रक असायचं. पान, ओळ, अशुद्ध, शुद्ध, असे चार रकाने. ते जुळवायचा आम्हाला कंटाळा यायचा कारण आकडे फार आणि चूक आपलीच असायची, पण आज मला त्याची किंमत कळते. त्यात चूक खोडलेली नसायची, चूक आणि बरोबर शेजारी शेजारी उभे असायचे, आणि वाचणाऱ्याला दोन्ही दिसायचे. तुमच्या वेबसाईटवर, ॲपवर, ई-पेपरवर बातमी बदलली तर खाली असं एक शुद्धिपत्रक द्या. किती वाजता बदललं, आधी काय होतं, आता काय आहे. नुसतं "अपडेटेड" एवढा शब्द नको, त्यातनं काही कळत नाही. आणि पुरवणीत एखादी कथा, लेख, अनुवाद यंत्राकडून करून घेतला किंवा कथेची समरी यंत्रानं केली, तर तसं छापा, एनसीईआरटीनं छापलंय तसं, आणि मूळ कुठं वाचायला मिळेल ते सांगा. जागा लागते म्हणाल तर आम्ही दोन कॉलमच्या मधल्या रेघेतसुद्धा ओळ बसवलीय, बसते. शिक्षकांनाही तुमच्या पेपरमधून सांगा की समरी बघू दे पोरांना, पण परीक्षेत एक तरी प्रश्न असा काढा की जो पूर्ण धडा वाचल्याशिवाय सुटणार नाही. पान कुठलं, फाटलं कसं, खिशात आलं कसं, असं काहीतरी.

तुमच्या ऑफिसात तरुण मुलं काम करत असतील, त्यांच्यावर दर मिनिटाला बातमी आधी टाकायचं प्रेशर असतं हे मला दिसतं, मी डीटीपीला होतो तेव्हा रात्री अकराला पान सोडायचं म्हणजे काय असतं ते भोगलंय. त्यांच्यावर राग नाही. पण त्यांच्या हातात आज माझ्या केसपेक्षा फार मोठी केस आहे, आणि त्यांना कुणी अण्णांसारखं विचारणारं हवं, हस्तलिखित कुठाय म्हणून. ते काम संपादकांचं आहे.

त्या पुलाचं काम अजून परत सुरू नाही. तो स्क्रीनशॉट मी प्रिंट काढून वहीत लावलाय, नारळीकरांच्या कात्रणाच्या पुढच्या पानावर, खाली तारीख घालून.

पत्र मोठं झालंय हे कळतंय. छापताना कापावं लागलं तर खुशाल कापा, मला जागेची अडचण माहिती आहे, फक्त खाली कंसात 'संक्षिप्त' एवढा शब्द टाका.

आपला नम्र वाचक,
एक निवृत्त कंपोझिटर, कोल्हापूर